कोनाड्यातली कपबशी

गिरिजाबाईंनी ओसरीच्या कोनाड्यात हात घातला आणि तो रिकामाच बाहेर आला. कान तुटलेली, निळ्या फुलांची ती कपबशी आज उकिरड्यावर फेकायची, असं त्यांनी पक्कं केलं होतं. नेमकी आजच ती जागेवर नव्हती.

बिशप इनास तुस्कानो निवृत्त होऊन वसईला, आपल्या गावी चालले होते आणि निरोप घ्यायला येणार होते. बिशप होऊन इतकी वर्षं झाली, तरी टेंभुर्णीच्या या आळीला ते फादरच राहिले. दुष्काळात विहिरीच्या कामावर स्वतः टोपलं उचलणाऱ्या माणसाला दुसऱ्या नावाने हाक मारणं कुणाला जमलंच नाही.

त्या विहिरीनंतर दर महिन्याला याच ओसरीवर बैठक बसायची. फादर, बौद्धवाड्यातले भुजंग गुरुजी, मशिदीतले मौलवी आणि गिरिजाबाईंचे यजमान अप्पाराव, कीर्तनकार. देवावरून कडाक्याचे वाद व्हायचे आणि हसणं पार पिंपळापर्यंत ऐकू जायचं. काय दिवस होते ते! पण चहाची वेळ आली की गिरिजाबाईंची मान खाली जायची. सासूबाईंचा, सगुणाबाईंचा नियमच तसा होता: बाहेरच्या तिघांना मिळून ती एकच कपबशी. आधी मौलवी प्यायचे, मग गुरुजी, शेवटी फादर. दर खेपेला फादर अंगणात उकिडवे बसून कप विसळायचे आणि गिरिजाबाई वरून पाणी ओतायच्या. सगुणाबाई दाराआड माळ ओढत सगळं ऐकायच्या. बाहेर कधी आल्या नाहीत.

आता अप्पाराव गेले, मौलवी गेले, गुरुजी लेकाकडे जालन्याला राहायला गेले. उरलेल्या एकाने तरी ती कपबशी आठवणीत घेऊन जाऊ नये, एवढंच गिरिजाबाईंना वाटत होतं.

फादर आले. काठी भिंतीला टेकवून त्यांनी सवयीने कोनाडा चाचपला.

"माझा कप कुठं गेला, गिरिजाबाई?"

"फुटला." त्यांनी खोटंच सांगितलं. "घरातल्या कपात आणते की, फादर."

"अरेरे!" फादरांना खरंच वाईट वाटलं. "एक कप होता म्हणून तर बैठक लांबायची."

"फुटला न्हाई," आतून आवाज आला. "माझ्यापाशी हाय."

चौकट धरत, थांबत थांबत सगुणाबाई ओसरीवर आल्या आणि फादरांच्या शेजारी, त्याच सतरंजीवर टेकल्या. हातात निळ्या फुलांचा कप होता. त्यात अर्धा चहा होता.

"तुमी घरातला घ्या, फादर. ह्याच्यात मी पिऊन राह्यले."

गिरिजाबाईंनी आतून दुसरा कप आणून फादरांपुढे ठेवला. दोघं म्हातारी माणसं बराच वेळ चहा पीत बसली. विहिरीला अजून पाणी आहे का, असं फादरांनी विचारलं. आहे, सगुणाबाई म्हणाल्या.

चहा संपला तसा फादरांनी कपाला हात घातला.

"द्या इकडं, आजी. विसळून ठेवतो."

"न्हाई." सगुणाबाईंनी दोन्ही कप उचलले आणि अंगणात जाऊन उकिडव्या बसल्या. "गिरिजे, पाणी वत."

गिरिजाबाईंनी तांब्या उचलला.