अकरा महिन्यांच्या खोल्या

दीपमालाने हिरव्या पेनाचं टोपण दातांनी ओढून काढलं, कारण डाव्या हातावर स्वरूपा झोपली होती. पाच वर्षांची पोर आता मांडीत मावत नव्हती. पाय सतरंजीच्या बाहेर गेले होते. मतदारयादीतल्या सातशे बाराव्या नावापाशी येऊन दीपमाला थांबली.

“अण्णा, जाधव कुठले धरायचे?”

“जाधव सगळीकडचेच.” खुर्चीतल्या मारुतरावांनी चष्मा कपाळावर सरकवला. “आडनावावर जाऊ नगं. घरातल्या बाकीच्यांची नावं बघ.”

“संगीता, सुनीता, अनिता.”

“मग कुठलेबी असत्याल. लाव पेन्सिल.”

मोनिका हसली. मारुतरावांची ही सून यंदा महापालिकेच्या निवडणुकीत महिलांच्या राखीव जागेवर उभी राहणार होती. रावेतच्या जुन्या गावातल्या त्यांच्या घराचा दिवाणखाना त्यापायी कचेरी झाला होता. यादीत गाववाल्यांना लाल टिंब द्यायचं, मराठवाड्याला हिरवं, खानदेशाला निळं. कळलंच नाही तर पेन्सिल. दीपमाला परभणीकडची. मारुतरावांच्या चाळीस खोल्यांपैकी एकीत भाड्याने राहायची आणि आजूबाजूची माणसं तिला माहीत होती, म्हणून तिला बोलावलं होतं. नवरा नवनाथ चाकणच्या कंपनीत शिफ्टला गेला की दुपारी ती पोरीला घेऊन यायची. हा चौथा दिवस होता.

काम तिला आवडू लागलं होतं. एकाच घरात ब्याण्णव वर्षांची एक बाई आणि एकोणीस वर्षांची एक मुलगी, मधलं कुणीच नाही. दोघी एकमेकींशी काय बोलत असतील? एका पत्त्यावर चार आडनावं. एक माणूस वडिलांपेक्षा दोन वर्षांनी मोठा. नाव वाचलं की तिला दार दिसायचं, दाराशी चपला दिसायच्या.

पण ती आली होती दुसऱ्याच कामासाठी. जानेवारीत शाळेच्या मोफत जागांचे अर्ज सुटणार होते. त्याला नोंदणी केलेला भाडेकरार लागायचा आणि मारुतराव कुणाला कागद देत नसत. दोनदा विचारून झालं होतं. दोन्ही वेळा ते “चहा घेतला का?” म्हणाले होते.

नुसता कागद देत नव्हते असंही नाही. कधीकाळी कुणीतरी त्यांच्या डोक्यात भरवलं होतं की वर्षभर एका जागी राहिला की भाडेकरू खोलीचा मालक होतो. तेव्हापासून दर अकरा महिन्यांनी ते सगळ्यांच्या खोल्या बदलायचे. एखाद्या रविवारी चाळीस बिऱ्हाडं सिलिंडर, पलंग, देव उचलून या दारातून त्या दारात जायची, संगीतखुर्ची खेळल्यासारखी हसत, आणि मारुतराव मधोमध उभे राहून नंबर पुकारायचे. दीपमाला चारवरून सतराला, सतरावरून नऊला आणि नऊवरून एकतीसला आली होती.

“हिरवे किती झाले?” मारुतरावांनी विचारलं.

“दोनशे शहाऐंशी.”

“आन् लाल?”

“एकशे त्रेचाळीस.”

“चुकली असशील मोजताना.”

“दोनदा मोजले, अण्णा.”

मोनिकाने मोबाइल उपडा ठेवला.

“बरं,” मारुतराव म्हणाले, “मग आपल्या खोल्यांवरच हाय सगळं. खोलीला तीन मतं धर. एकशे वीस. ती काय मोनिकाला सोडून जात न्हाईत. ते पान काढ बरं.”

दीपमालाने पहिल्याच दिवशी ते पान शोधलं होतं, आपलं नाव कसं दिसतं ते बघायला. तेव्हापासून ती गप्प होती. मतांसाठी कागदाची गरज आहे हे कळलं की कागदही सुटेल, असं तिला वाटत होतं. फक्त ते विचारतील तेव्हा कसं सांगायचं, हे ठरत नव्हतं.

“तसं पान नाही, अण्णा.”

“न्हाई म्हंजी?”

“खोल्यांतलं एकबी नाव यादीत नाही. नाव घालायला राहत्या पत्त्याचा कागद मागतेत. आमच्याकडं कुणापाशीच नाही. तुमच्या घरच्या नंबराला नऊ नावं आहेत तेवढीच. तुम्ही, वहिनी… सुभद्राबाई बी आहेत त्यात.”

“आई?” मारुतराव पुढे वाकले. “आईला जाऊन सा वर्सं झाली!”

“आहेत अजून. वय पंच्याण्णव.”

मोनिकाला हसू आलं होतं, ते तिने पदराआड नेलं.

मारुतराव उठले, एक फेरी मारली आणि एकदम वळले. “आगं मग देतो की कागद! त्यात काय एवढं! चाळीसच्या चाळीस देतो. उद्या सकाळी वकिलाला बोलावतो. आन् पयला तुझा. सही करून मोकळा होतो.”

स्वरूपाच्या केसांतून फिरणारा दीपमालाचा हात थांबला. उद्या सकाळी. मोनिका नवखी होती, तिला यादीच्या तारखा ठाऊक नव्हत्या. मारुतरावांना कोण सांगणार होतं? निदान उद्या सकाळपर्यंत तरी कुणी नाही.

तिने पेनाला टोपण लावलं.

“अण्णा, ही यादी जुलैच्या एक तारखेची आहे. आता नाव घातलं तरी ह्या निवडणुकीला चालत नाही.”

“मग कवा चालतं?”

“पुढच्या.”

“म्हणजे पाच वर्षांनी, अण्णा,” मोनिका हळूच म्हणाली.

मारुतराव खिडकीशी जाऊन उभे राहिले. खाली पत्र्याच्या खोल्यांच्या दोन लांबलचक रांगा, दोऱ्यांवरचे कपडे, नळाला लावलेल्या कळशा. आता वकील नाही, कागद नाही, असं दीपमालाने मनात धरलं आणि पोरीला उठवायला तिचा खांदा हलवला. स्वरूपा कूस बदलून पुन्हा झोपली.

“त्या कडंच्या खोलीत कोण ऱ्हातं?” मारुतरावांनी न वळता विचारलं.

“जाईबाई. जालन्याच्या. आधी बावीसला होत्या.”

“आन् ती दारात तुळस लावलेली?”

“ती दिपाली. तुळस आधी जाईबाईची होती. खोली बदलली तेव्हा न्यायची राहिली.”

“राहिली म्हंजी?”

“मुळं खाली गेली होती, अण्णा. निघेना.”

मारुतराव खिडकीपासून वळले.

“पाच वर्सं ऱ्हाशाल का तुमी?”

चार वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं. दीपमालाने स्वरूपाचे पाय सतरंजीवर ओढून घेतले.

“कुठल्या खोलीत, अण्णा?”

मारुतरावांनी एकदा खिडकीबाहेर पाहिलं, एकदा झोपलेल्या पोरीकडे.

“हाय त्याच,” ते म्हणाले, पण इतकं हळू, की खालच्या रांगांत कुणाला ऐकू जाऊ नये.