कागदावर मेलेला बेडूक

आमच्या डोंगरातला झाडबेडूक मेल्याचं आम्हाला कागदावरून कळलं. कागद ओआहाका शहरातल्या एका कचेरीतून आला होता आणि तो घेऊन आलेले इंजिनियर बुस्तामान्ते इतके हळहळत होते, की गावचिटणीस फिदेन्सियोने त्यांना आधी कॉफी पाजली.

"चाळीस वर्षांत कोणालाच दिसला नाही," इंजिनियर म्हणाले. "म्हणजे जात संपली. आता वरच्या ओकच्या रानातून रस्ता काढायला हरकत नाही. फक्त गावाचा शिक्का हवा."

शिक्का या वर्षी एउलालियाकडे; लहानथोर सगळे तिला मावशी म्हणतात. आमच्याकडे पद मागून मिळत नाही, गावसभा ते गळ्यात घालते. वर्षभर गावाचं रान सांभाळायचं, पगार नाही, वर शिव्या खायच्या. साठीची ही विधवा बाई. जानेवारीपासून स्वतःच्या मक्याकडे बघायला तिला फुरसत नव्हती. तिने कागद दोनदा वाचला.

"शोधला कोणी?"

"समितीने."

"कुठे?"

"जुन्या नोंदींमध्ये."

"तिथे कसा सापडेल? तो झाडावर राहतो."

गावात त्याला सगळे ओळखतात, पण आवाजावरून. ओकच्या फांद्यांवर अननसाच्या शेंड्यासारखी झुडपं वाढतात. त्यांच्या पानांच्या बेचक्यात पाणी साचतं आणि त्यात हा कोवळ्या मक्याच्या रंगाचा, अंगठ्याएवढा प्राणी जन्म काढतो. धुकं उतरलं की दगडावर दगड आपटल्यासारखा 'टक' म्हणतो. मी बहात्तर वर्षांत त्याला दोनदा पाहिलंय, दोन्ही वेळा पाठमोरा. आमच्या नळाचं पाणीही त्याच रानातल्या झऱ्याचं.

"मावशी, एका बेडकापायी गाव अडवून धरणार का?" सेव्हेरो म्हणाला. त्याच्याकडे ट्रक आहे, त्यामुळे त्याला मतंही आहेत. "सभा बोलवा. मत घ्या."

"बोलावते. पण वर, रानात."

मेअखेरच्या शनिवारी सकाळी घंटा झाली. गैरहजर राहणाऱ्याला एक दिवस गावकामाची शिक्षा असते, म्हणून सगळे चढून आले, पांढऱ्या बुटांसकट इंजिनियरही. धुक्यात शेजारचा माणूस खोकल्यावरूनच कळत होता. फिदेन्सियोने हजेरी सुरू केली.

"रोखेलियो."

"हजर."

"मेलेसियो."

मेलेसियो नऊ वर्षं झाली लॉस एंजेलिसला भांडी घासतोय, पण यादीतून नाव काढायला ठराव लागतो आणि तो कोणी मांडलेला नाही. वरून आवाज आला, 'टक'.

फिदेन्सियोने सवयीने नावापुढे बरोबरची खूण केली.

"ऐकलंत?" मावशीने इंजिनियरना विचारलं.

"ऐकलं. पण अहवालात आवाजाचा रकाना नाही. डोळ्यांनी दिसायला हवा."

"मग चढा की. शिडी आणलीय."

इंजिनियरनी बुटांकडे पाहिलं. तेवढ्यात सेव्हेरोने संधी साधली. "रस्ता हवा असलेल्यांनी हात वर करा."

हात वर जायला लागले. निम्म्याहून जास्तच असावेत, धुक्यात नीट मोजता येईनात. मावशीने शिक्का एप्रनच्या खिशात टाकला.

"माझ्या हातून हा त्या कागदावर उठणार नाही," ती म्हणाली. "मला काढा. आत्ताच काढा, माझा मका वाट बघतोय. नवा जो येईल त्याने उरलेले सात महिने वणवे विझवायचे, बांधावरची भांडणं मिटवायची, सगळं फुकट. मग शिक्का त्यानेच मारावा. मी सेव्हेरोचं नाव सुचवते."

"अनुमोदन," मी म्हणालो. सभेत मी अकरा वर्षांनी तोंड उघडलं होतं.

"अहो काका, मी महिन्यातले वीस दिवस ट्रकवर असतो," सेव्हेरो म्हणाला.

"मग दुसरा कोण?" मावशीने विचारलं. "ज्यांचे हात वर आहेत त्यांची नावं लिहून घे रे, फिदेन्सियो."

एकेक हात खाली आला. कोणाचा गुडघा दुखायला लागला, कोणाची गाय व्यायला झाली. फिदेन्सियोने पेन्सिलीला थुंकी लावेपर्यंत सेव्हेरोचे दोन्ही हात खिशात होते.

मावशीने इंजिनियरचा कागद शिडीच्या पायरीवर उलटा ठेवला आणि पाठीवर लिहिलं: 'रान गावाचं आहे. त्यात राहणारे जिवंत आहेत. रस्ता होणार नाही.' मग शिक्क्यावर तोंडाची वाफ सोडून तो असा दाबला की शिडी हलली.

"बाई, ही बाजू आमच्याकडे कोणी वाचत नाही," इंजिनियर म्हणाले.

"वाचेपर्यंत पाठवत राहू," मावशी म्हणाली. "फिदेन्सियोलाही पगार नाही. त्याला वेळच वेळ आहे."