फोटोत डुक्कर राहू दे

सोक-खिम आत्याला फोटो सम तारखेलाच काढून हवा होता. समुद्रापलीकडच्या चीनच्या तोफा विषम तारखांना चालतात, म्हणून आमच्या किनमेन बेटावर लग्नं, पाहुणचार, भांडणंसुद्धा सम तारखेला.

तिचा मुलगा बुन-हाय सिंगापूरला. तो तिला कायमची तिकडे न्यायला येणार होता. तिला जायचं नव्हतं. फोटोत आई सुखात दिसली तर तो येणार नाही, असा तिचा हिशेब. मला मात्र, तायपेईहून भौतिकशास्त्र शिकून परतल्यापासून, इथलं रोजचं जगणं आहे तसं टिपायचं होतं. खंदकाच्या तोंडाशी वाळणारा लसूण, वाळूच्या पोत्यांवर उन्हात टाकलेल्या रजया. पोत्यांचे फोटो काढायला एवढं शिकलीस का, असं आत्या रोज विचारी.

ती रेशमी झगा घालून खुर्चीत बसली. हात गुडघ्यांवर, हनुवटी वर. मी हसायला सांगितलं.

"हसले तर पडलेले दात दिसतील. ते त्याला कशाला कळायला हवं?"

दुसऱ्या दिवशी, विषम तारखेला, संध्याकाळी पहिला आवाज झाला. मी खंदकात उतरले. आत्याचं डुक्कर मात्र तोंडाशीच अडून बसलं. एका हाताने त्याचा कान ओढत तिने त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. उजेड जेमतेम होता, तरी मी बटण दाबलं.

फोटो धुऊन आले. रेशमी झग्यातला आत्याने बराच वेळ पाहिला.

"हा तर पूर्वजांच्या शेजारी मांडायचा फोटो झाला. बुन-हाय उदबत्ती घेऊनच येईल."

मग तिने दुसरा उचलला. "ह्यात मी शिव्या देतेय."

"हो, आत्या."

"मग हाच पाठव. त्याला ऐकू येतील." तिने कात्री माझ्यापुढे सरकवली. "पोती आणि खंदक काप. डुक्कर राहू दे."

मी पट्टी लावून सरळ कापलं.

"तो तुकडा टाकू नकोस, पोरी. तुला पोती आवडतात ना?"

बुन-हायने कळवलं, आई डुकराशी भांडतेय तोवर तो येत नाही. आत्याने ते शेजारीपाजारी सगळ्यांना वाचून दाखवलं.

तुकडा माझ्याकडे आहे. त्याच्या कडेला तिच्या डाव्या हाताची बोटं आली आहेत, पोत्याला घट्ट धरलेली.