नेव्हिओचं पत्र

दुसरं महायुद्ध संपून पंचावन्न वर्षं झाली, तरी तोरेल्लो बार्सान्तीने त्याच्याबद्दल अवाक्षर काढलं नव्हतं. इटलीतल्या ला स्पेत्सियाच्या आखातात शिणाण्यांची, म्हणजे काळ्या शिंपल्यांची, शेती करावी, दुपारी पत्ते कुटावेत, बायकोशी हुज्जत घालावी, असा त्याचा सुखाचा क्रम होता.

एका सकाळी बायको, ओरेत्ता, गावच्या इतिहासाची नवी पुस्तिका घेऊन आली आणि मोठ्याने वाचू लागली. नौदलाचा पाणबुड्या तोरेल्लो जोडीदारासह पाण्याखालून चालणाऱ्या टॉर्पेडोवर घोड्यासारखी मांड ठोकून शत्रूच्या बंदरात शिरला. जोडीदार नेव्हिओ बेशुद्ध पडला, तेव्हा तोरेल्लोने एकट्याने जहाजाच्या बुडाला टॉर्पेडोच्या टोकाचा सुरुंग लावला!

"तू?" ओरेत्ता म्हणाली. "घरात उंदीर दिसला की टेबलावर चढतोस!"

तोरेल्लोचा चेहरा उतरला. "अगं, सगळं उलटं छापलंय. माझा रबरी पोशाख फाटला. थंडीने मीच बेशुद्ध पडलो. सुरुंग नेव्हिओने लावला, मलाही त्यानेच वर काढलं. मग दोघेही पकडले गेलो."

"मग घरात काय सांगतोस? रविवारी प्रकाशन आहे. चारचौघांत सांग."

रविवारी सभागृह खच्चून भरलं होतं. पुस्तिका लिहिणारे कास्साना मास्तर कौतुकाने बोलत असतानाच तोरेल्लो उठला. त्याने सगळं सांगून टाकलं. कपाळाला पाण्याचा मार कसा बसत होता, श्वास कसा कोंडला, नेव्हिओने त्याला पट्ट्याला धरून कसं ओढलं. "तो नसता तर मी आज इथं नसतो," तो म्हणाला.

मास्तर गोंधळले. "पण माझ्याकडे तर गावच्या जुन्या कागदांत सापडलेलं नेव्हिओचं स्वतःचं पत्र आहे!"

"आहेच मुळी," मागच्या रांगेतून आवाज आला. काठी टेकत एक टकला म्हातारा उठला. मास्तरांच्या आमंत्रणावरून लिव्होर्नोहून आलेला नेव्हिओ! "लिहिलं मीच. शेचाळीस साली. ओरेत्ताच्या वडिलांना."

"माझ्या बाबांना?" ओरेत्ता ताडकन उठली.

"ते शिणाणेवाल्याला पोरगी द्यायला तयार नव्हते ना! हा गाढव रोज माझ्यापुढे रडायचा. म्हटलं, वीर जावई म्हटल्यावर म्हातारा विरघळेल."

तोरेल्लो आ वासून बघत राहिला. सासऱ्याने एका सकाळी अचानक मिठी मारली होती, ती आपण पाठवलेल्या शिणाण्यांच्या टोपलीमुळे, असंच तो आजवर समजत होता.

"म्हणजे माझं लग्न थापेवर झालं?" ओरेत्ताने कमरेवर हात ठेवले. मग तिलाच हसू फुटलं. ती तरातरा गेली आणि नेव्हिओच्या टकलावर तिने मुका दिला. "जेवायला चल, लबाडा!"

तोरेल्लोने त्याला मिठी मारली ती सोडेचना. "अरे, बरगड्या मोडशील! या वेळी तुला वर ओढायला कुणी नाही हं," नेव्हिओ कुरकुरला.

मास्तरांनी दोघांची साक्ष नव्याने लिहून घेतली. त्या वर्षी दोघांना अकरा शाळांनी बोलावलं. नेव्हिओ दर खेपेला शत्रूचं जहाज थोडं मोठं करून सांगे. तोरेल्लो भर वर्गात त्याला टोके, आणि मुलं हसून हसून बाकांवर लोळत.