उस्तादांचा चेला

दसऱ्याच्या सकाळी मीनाक्षीबाई मोबाइल नाचवतच बाहेर आल्या. "अहो, बघा ना, आपला लियान! मुलाखत देऊन राहिला!"

दिनकरराव वाघाडे चष्मा शोधू लागले. निवृत्त सुभेदार, जबलपूरच्या सदर छावणीतल्या अर्ध्या जवानांना शिकवलेले उस्ताद. लियान हा पूर्वेकडच्या एका देशाचा कॅप्टन, अठरा वर्षांमागं जबलपुरात शिकायला आला होता. मीनाक्षीबाईंनी त्याला राखी बांधली, त्यानं त्यांच्या पुरणपोळ्यांवर ताव मारला. पुढं पोरगा कर्नल झाला, ब्रिगेड सांभाळली. दोन वर्षांपूर्वी निःशस्त्र मोर्चावर गोळ्या झाडायचा हुकूम त्यानं मोडला आणि पलटण घेऊन थेट जंगलात शिरला. आता बंडखोरांचा सेनापती! दिनकरराव चारचौघांत छाती फुगवून सांगत, "माझा चेला आहे तो."

मुलाखत घेणाऱ्या बाईनं विचारलं, माघार घेताना साठ जखमी नदीकाठी मागं राहिले, त्यांचं काय? लियान शांतपणे इंग्रजीत म्हणाला, "ते आपल्या मर्जीनं तुकडी सोडून गेले."

दिनकररावांनी ते वाक्य पुन्हा लावून ऐकलं. हे वाक्य लियानचं नव्हतंच. त्यांचं स्वतःचं होतं, शब्द न शब्द.

अठरा वर्षांमागं, लियान शिकत होता तेव्हा, नर्मदेच्या खडकांत तुकड्यांच्या चढाओढीचा सराव चालला होता. लियानच्या तुकडीतला चिंतामणी भुरे नावाचा बालाघाटचा जवान घसरला, त्याचा पाय दगडांत अडकला. पहिला नंबर हुकू नये म्हणून लियान त्याला तिथंच टाकून तुकडी पुढं घेऊन गेला. चिंतामणी दुसऱ्या दिवशी सापडला, तापानं फणफणलेला, बेशुद्ध. पाय कापावाच लागला. लियान ढसाढसा रडत दिनकररावांच्या दारात आला होता. "उस्ताद, मैं सच लिखकर देता हूँ."

आणि या शहाण्या उस्तादानं काय करावं? बायकोचा मानलेला भाऊ, आपल्या घरचं मीठ खाल्लेला, त्याला कसं बुडवायचं! त्याची पाठ थोपटली, तुकडीला दम भरला, आणि स्वतःच इंग्रजीत अहवाल लिहिला: जवान आपल्या मर्जीनं तुकडी सोडून गेला. लियान खरं बोलायला तयार होता हो! मागं राहिलेल्याचं खापर त्याच्याच माथी फोडायला त्याला यांनीच शिकवलं.

 त्या दिवशी साठ जणांच्या आया दिनकररावांच्या डोळ्यांपुढून हलत नव्हत्या. त्यात संध्याकाळी चिंतामणी यायचा होता. दर दसऱ्याला तो जबलपुरातल्याच मदन महलहून ऑटोनं, कुबडी सावरत, सोनं द्यायला यायचा आणि दरवेळी तेच म्हणायचा, "उस्ताद, माह्यामुळं तुमच्या नावाला बट्टा लागला, माफी द्या." तापात सगळं विसरलेल्या माणसानं कागदावर विश्वास ठेवला होता. आणि दिनकरराव मोठ्या मनानं माफ करत आले होते! याला हरामखोरी नाही तर काय म्हणायचं?

चिंतामणी आला. आपट्याची पानं हातात देऊन पायांकडे वाकला, तसे दिनकरराव मागं सरले.

"नको रे. तू तुकडी सोडलीच नव्हतीस. तुला टाकून गेले ते, लियान अन् बाकीचे. आणि मी खोटं लिहिलं."

फराळाची ताटली घेऊन आलेल्या मीनाक्षीबाई दारातच थबकल्या. चिंतामणी हळूच खुर्चीत बसला.

"काहून, उस्ताद?"

"लियानला वाचवायला. तो घरचा होता."

 मग चिंतामणीनं विचारलं, "मी आवाज दिला होता का? मले अजून स्वप्न पडते, मी ओरडून राहिलो. बायको म्हणते, भ्रम आहे तुमचा."

"दिला होतास. लियाननंच सांगितलं मला. सगळ्यांनी ऐकला होता."

चिंतामणीनं कुबडी घट्ट धरली. 

"उस्ताद," तो म्हणाला, "मी तं माह्या पोराईले सांगत आलो, तुमचा बाप पळपुटा आहे."