विष्णुकाकांचा डावा हात

मित्रांनो, मी एक जुनी प्रेस मशीन आहे. भिलाईजवळच्या हथखोजमध्ये पत्र्याच्या शेडखाली उभी असते. आत पत्रा सरकवायचा, दोन्ही हातांनी माझी दोन बटणं एकदम दाबायची, की माझा वरचा साचा धाडकन खाली येतो. दोन्ही हात बटणांवर गुंतले म्हणजे ते साच्याखाली सापडत नाहीत. मला घडवणाऱ्याने एवढी काळजी घेतली होती.

तरुणपणी मी लहान मुलांच्या तीनचाकी सायकलींचे पत्रे दाबले. रंग वाळायच्या आत सायकली विकल्या जायच्या आणि मालक माझं कौतुक करताना थकत नसत. पुढे घरोघरी एकच मूल दिसू लागलं. सायकलींची मागणी आटली, माझ्या अंगावर धूळ बसली. मग व्हीलचेअरचं काम आलं, तेही इतकं की दम खायला फुरसत नाही. पण ते करायला हात कुठे होते? जुने ऑपरेटर निवृत्त झाले. वस्तीतली पोरं आधीच मोजकी, ती शिकून पुण्याकडे, बंगळुरूकडे गेली. उरले सत्तरीला आलेले विष्णुकाका.

काकांचा डावा खांदा आखडला होता. हात खांद्याच्या उंचीवरच्या बटणापर्यंत पोचेना. तेव्हा मालक देवेंद्रभाऊंनी डावं बटण सुतळीने दाबून बांधून टाकलं. आता एका हाताने काम होई आणि काकांचा डावा हात मोकळा राही. त्या दिवसापासून मला माझीच भीती वाटू लागली. ओरडून सांगावं तर मला तोंड नाही.

एका दुपारी पत्रा साच्यात अडकला. काकांनी तो काढायला डावा हात आत घातला आणि सवयीने उजव्या हाताने बटण दाबलं. मी खाली आले. मला थांबता येत नव्हतं.

काकांनी हात ओढला. हातमोजा माझ्याखाली चेंगरला. काकांचे हात वाळले होते, मोजा सैल होता, म्हणून हात तेवढा निसटला.

काकांची बायको कमलाकाकू डबा घेऊन दारात आल्या होत्या. त्यांनी सगळं पाहिलं. सरळ येऊन त्यांनी माझा स्विच बंद केला आणि सुतळी सोडू लागल्या. देवेंद्रभाऊ धावत आले. चेहरा पांढराफटक पडला होता, तरी ऑर्डर अर्धी राहिल्याचंच त्यांच्या तोंडून निघालं.

"मी तरी काय करू, काकू? पोरं भेटूनच नाही राहिले."

"मले माहीत आहे. आमचाही एकच आहे, तोही दूर. पण ह्यांचा हात गेला तर दुसरा कुठून आणाल, भाऊ?"

काका हळूच म्हणाले, "काम नाही सोडायचं मले. बटणं तेवढी खाली घ्या."

संध्याकाळपर्यंत दोन्ही बटणं कमरेच्या उंचीवर आली. काम आता सावकाश चालतं. गिऱ्हाइकाने अर्धी ऑर्डर दुसरीकडे दिली. देवेंद्रभाऊ तोंड पाडून बसतात, पण सुतळीला हात लावत नाहीत.

मित्रांनो, माझा साचा झिजला तर नवा मिळतो. म्हाताऱ्या माणसाकडून काम घ्यायचंच असेल, तर आधी त्याचा हात कुठवर पोचतो ते बघा आणि आम्हा मशीनांना तिथवर खाली आणा.