थँकफुलचा साबण

"अंडं बुडालं," कुंपणापलीकडून इडा कोल्बर्न म्हणाली. "आता तरी पटलं का, प्रोफेसरीणबाई?"

लोइस पेनिमनने वाकून पाहिलं. पिंपातून ठिबकलेल्या पाइनच्या राखेच्या पाण्यात अंडं तळाला जाऊन बसलं होतं. साबणाला लागतं तेवढं पाणी कडक असतं तर ते तरंगलं असतं. तरीही तिने त्यात चरबी घातली, कढई चुलीवर चढवली आणि दिवसभर ढवळत राहिली. चौसष्टाव्या वर्षी कंबर बोलत होती. पण ही बाई हट्टाला पेटली की पेटली.

एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकन बायकांच्या घरकामाचा अभ्यास करण्यात तिची हयात गेली होती. व्हरमाँटच्या याच खेड्यातल्या थँकफुल कोल्बर्नची १८४९ सालची रोजनिशी इडानेच विश्वासाने तिच्या हाती दिली होती. थँकफुल ही इडाची पणजी. रोजनिशीत चार वेळा लिहिलं होतं, 'साबण जमला नाही.' लोइसने पुस्तकात बिनदिक्कत ठरवून टाकलं, की ही गृहिणी कामात गबाळी. पुस्तक गाजलं. गावात कोल्बर्नांच्या पोरींना त्यावरून टोमणे बसू लागले, आणि इडाने शेजारी राहून बावीस वर्षं अबोला धरला. परवा तो मोडला तो एवढंच विचारायला: "जन्मात कधी साबण केलायत? पाइनच्या राखेचा करून बघा."

संध्याकाळी कढईत चरबी वर आणि पाणी खाली. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार? दुसऱ्या दिवशी तिने मेपलची राख घेतली. अंडं तरंगलं, आणि दुपार कलायच्या आत साबण दाट झाला.

मग तिने रोजनिशी पुन्हा उघडली. साबणाच्या नोंदींआधी अकरा पानं एक ओळ होती: 'ह्यांनी मेपलचं सगळं लाकूड रेल्वेला विकलं. घरात पाइन जाळतो.' ही ओळ तिने कितीदा तरी वाचली होती. पण ती टेबलाशी बसून वाचली होती, चुलीपाशी उभी राहून नव्हे. तिला स्वतःची लाज वाटली.

नवी आवृत्ती छपाईला निघाली होती. तिने प्रकाशकाला फोन केला.

"अहो, कोण विचारतंय आता?" तो म्हणाला. "ती बाई जाऊन शंभर वर्षं झाली. ती काय भांडायला येणारे?"

"म्हणूनच. छपाई थांबवा. ते प्रकरण मी नव्याने लिहिणार."

"लोक म्हणतील, पेनिमनबाई चुकल्या."

"म्हणू देत. पहिल्याच ओळीत मीच म्हणतेय."

रविवारी ती कागद घेऊन इडाच्या ओसरीवर गेली. 'बसा' कोणी म्हटलं नाही, म्हणून तिने उभ्यानेच वाचलं: "थँकफुल कोल्बर्न कामाला चोख होती. तिच्या चुलीचं चांगलं लाकूडच विकलं गेलं होतं. ते न बघता मी तिला गबाळी म्हटलं. चूक माझी होती."

इडाने चष्मा काढून एप्रनला पुसला, पुन्हा घातला आणि आतल्या दाराकडे तोंड केलं.

"पोरींनो, हातातलं टाका आणि बाहेर या," ती म्हणाली. "बाई पुन्हा वाचतायत."

तिघीजणी पिठाच्या हातांनीच दारात येऊन उभ्या राहिल्या. लोइसने पहिल्यापासून वाचायला घेतलं.